गॅब्रिएल मास्तरांच्या कादंबऱ्या कुठे गेल्या?

“सरक!”

“का? मी आधी बसलेय.”

“ती माझी जागा आहे. रोजची! विचार कोणालाही!”

एमिली कमरेवर हात ठेवून उभी होती आणि रेजिना बाकावरून तसूभरही हलत नव्हती. व्हरांड्यातला तो लाकडी बाक, बाकावर मधोमध पप्पा आणि त्यांच्या उजव्या हाताला एमिली. आई गेली त्या वर्षापासून दर मे महिन्यात हे असंच चालत आलं होतं. या जागेसाठी भांडावं लागेल असं तिला कधी वाटलंच नव्हतं!

“अगं, पाहुणी आहे ती,” पप्पा म्हणाले. “एमिली, तू समोर पायरीवर बस बघू. तिथे वारा छान येतो.”

वारा! कोणाला हवा होता वारा? एमिली पाय आपटत पायरीवर जाऊन बसली. शेजारी तिचा धाकटा भाऊ फेबियन आणि मैत्रीण सोनू आधीच मांड्या घालून बसले होते. सोनू खाडीकडच्या पाड्यावरून गोष्ट ऐकायला रोज उन्हातान्हात चालत यायची.

“बरं झालं आलीस,” सोनू कानाशी कुजबुजली. “तिकडं बसून तू कधी आमच्याशी बोलतच नाहीस.”

१९७८ सालची मेची सुट्टी होती. आगाशीजवळच्या त्यांच्या वाडीत केळीच्या पानांची सळसळ तेवढी ऐकू येत होती. गॅब्रिएल मास्तर, म्हणजे एमिलीचे पप्पा, गावच्या शाळेत मराठी आणि इतिहास शिकवायचे. पण त्यांचा खरा जीव होता तो इंग्लंडमधल्या एका बाईंनी लिहिलेल्या रहस्यकादंबऱ्यांवर! मुंबईला गेले की फोर्टच्या फुटपाथवरून एखादी जुनी प्रत ते हमखास घेऊन यायचे. प्रत्येक पुस्तकाला खाकी कागदाचं कव्हर घातलेलं. कपाटाचा वरचा अख्खा कप्पा त्यांनी भरला होता.

सुट्टीत रोज दुपारी त्यातलं एक पुस्तक हातात घेऊन पप्पा मुलांना मराठीत गोष्ट सांगायचे. वाचता वाचता भाषांतर! इंग्लंडातलं ते गाव त्यांच्या तोंडून पार वसईचं होऊन जायचं. तिथल्या बागेत चहा असला की बरोबर बशीत सुकेळी यायची. चर्चमध्ये फादर असायचे, विहिरीवर रहाट कुरकुरायचा आणि मग कोणीतरी धाडकन मरून पडायचं!

यंदाची गोष्ट होती मुरंब्याच्या बरणीतल्या विषाची. एक श्रीमंत म्हातारा, त्याचा पुतण्या, एक डॉक्टर आणि एक स्वयंपाकीण. म्हातारा कालच मेला होता.

“या बाईंच्या गावात एवढी माणसं मरतात, तरी गाव सोडून कोणी जात कसं नाही?” फेबियनने विचारलं.

“मी असते तर तिथं पानीपन प्याले नसते!” सोनू म्हणाली.

सगळे हसले. पप्पांनी पुस्तक उघडलं आणि गोष्ट पुढे सरकली. डॉक्टर बरणीचं झाकण हुंगत होता, तेवढ्यात रेजिना मध्येच म्हणाली, “अंकल, हे वाक्य इंग्रजीत कसं आहे? वाचून दाखवा ना!”

“इंग्रजीत? असंच आहे.”

“मग मला द्या, मी वाचते. आमच्या वांद्र्याच्या शाळेत मला इंग्रजी वाचनाचं बक्षीस मिळालंय!”

“आलं! बक्षीस आलं!” एमिली पुटपुटली. रेजिना बॅप्टिस्टकाकांची मुलगी, एमिलीहून एका वर्षाने मोठी. वाडीत येऊन आठवडा झाला नव्हता, पण त्या बक्षिसाची गोष्ट कोंबड्यांनासुद्धा पाठ झाली होती.

पप्पांनी पुस्तक मिटलं. “उद्या वाच. आज ऊन फार आहे.”

“उन्हाचा आणि वाचण्याचा काय संबंध, पप्पा?” फेबियन खो खो हसला.

एमिली हसली नाही. इतकी वर्षं ती पप्पांच्या बाजूला बसत आली होती. वाचताना त्यांचा चेहरा कसा दिसतो हे ती आज समोरून पहिल्यांदा बघत होती. पप्पा पुस्तकाकडे बघतच नव्हते! त्यांची नजर पुस्तकाच्या वरून अंगणात कुठेतरी लागलेली होती.

‘बरोबरच आहे,’ एमिलीच्या मनात आलं. ‘ती बक्षीसवाली शेजारी बसल्यावर पुस्तकात लक्ष कसं लागेल?’ आणि तिने पायरीवरचा एक खडा उचलून अंगणात भिरकावला.

गोष्ट संपली की कामाची वेळ. अंगणात काठ्यांचे उंच मांडव घातले होते आणि त्यांवरच्या चटयांवर सोललेली राजेळी केळी ओळीने वाळत होती. तीच पुढे सुकेळी व्हायची. घरातल्या प्रत्येकाने आपापली ओळ सांभाळायची असा बर्थाआत्याचा नियम होता. केळी उलटायची, मधाच्या रंगाची झालेली टोपलीत काढायची आणि फिकी राहिलेली पुन्हा उन्हाला ठेवायची. त्यात चूक झाली की आत्याचा आवाज थेट हमरस्त्यापर्यंत जायचा.

“ही ओळ कोणाची?” आज तो गेलाच! “मेल्यांनो, पिकलेलं चटईवर आणि कच्चं टोपलीत! असल्या फिक्या सुकेळ्यांना उद्या बुरशी धरेल! रेजिना, तूच ना गं ही?”

“मी नाही आत्या! त्या ओळीला मी हातसुद्धा लावला नाही!”

“मग काय चिमण्यांनी निवडली? शहरातल्या पोरींना केळं फक्त खायचं ठाऊक!”

रेजिनाचे डोळे भरून आले. एमिली शेजारच्याच मांडवाशी उभी होती. ती ओळ रेजिनाची नव्हती, पप्पांची होती. दुपारी पप्पांना तिथे तिने स्वतःच्या डोळ्यांनी बघितलं होतं. एक शब्द बोलली असती तर भांडण तिथेच मिटलं असतं.

एमिली केळी उलटत राहिली.

दुसऱ्या दिवशी सकाळी फेबियनच्या आरोळीने घर जागं झालं. “चोरी! चोरी! पप्पांची पुस्तकं चोरीला गेली!”

कपाटाचा वरचा कप्पा रिकामा होता. खालचे कप्पे जसेच्या तसे होते. शब्दकोश होता, बायबल होतं, शाळेची पुस्तकं होती. नाहीशा झाल्या होत्या त्या फक्त रहस्यकादंबऱ्या!

पप्पा चर्चमध्ये सकाळच्या मिस्साला, म्हणजे प्रार्थनेला, गेले होते आणि तिथून परस्पर शाळेच्या कामाला जाणार होते. त्यामुळे घराची सूत्रं ऑगस्टीनकाकांच्या हातात आली. काकांचं काम म्हणजे आधी ओरडायचं आणि मग विचार करायचा. दुसरा भाग बहुतेक वेळा राहूनच जायचा.

“रद्दीवाला आला होता का? नाही? मग काल त्या पुस्तकांवर कोणाचा डोळा होता?”

सगळ्यांच्या माना रेजिनाकडे वळल्या.

“बॅग उघड,” काका म्हणाले.

“काका, मी खरंच—”

“उघड म्हणतो ना!”

रेजिनाने बॅग उघडली. फ्रॉकच्या घडीखाली खाकी कव्हरचं एक पुस्तक होतं!

“काल संध्याकाळी बाकावर राहिलं होतं,” ती कशीबशी म्हणाली. “रात्री वाचून सकाळी परत ठेवणार होते. बाकीची मी घेतली नाहीत. शपथ घेते!”

“एक घेतलं ते विचारून घेतलंस? नाही ना? मग बाकीच्यांचं काय ते कळलंच,” ऑगस्टीनकाकांनी निकाल दिला. “रविवारी तुला वांद्र्याला पोचवतो. बॅप्टिस्टलाही समजू दे, लेक काय काय शिकलीय ती!”

बर्थाआत्याने डोळ्यांना पदर लावला. सोनूने तोंडावर हात ठेवला. आणि एमिलीला, काय सांगावं, इतकं हलकं वाटलं, इतकं हलकं! रविवारी बाक मोकळा होणार होता.

दुपारी पप्पा घरी आले. सगळी हकिगत ऐकून ते एकदम उभेच राहिले.

“रेजिनाने पुस्तकं घेतलेली नाहीत.”

“तू तर सगळ्यांनाच माफ करतोस, मोठ्या!” काका म्हणाले. “पुस्तक तिच्या बॅगेत सापडलं!”

“ते एक असेल. बाकीची तिने घेतलेली नाहीत, मला ठाऊक आहे. हा विषय इथे संपला.”

पण विषय संपला नाही. मास्तरांचा स्वभावच तसा भिडस्त, म्हणून ते असं बोलले, असंच सगळ्यांनी धरलं. काकांनी रविवारचा बेत काही बदलला नाही.

जेवणानंतर एमिली बाकावर जाऊन बसली. उजव्या हाताला. आपल्या जागी! पप्पा रिकाम्या हातांनी बसले होते. अंगणात ऊन रणरणत होतं आणि ते त्या उन्हाकडे डोळे बारीक करून बघत होते. ती सरकून त्यांना टेकली. पप्पांनी तिच्या केसांवरून हात फिरवला आणि हळूच म्हणाले, “रडू नको, रेजिना.”

एमिलीला कोणीतरी थोबाडीत मारल्यासारखं झालं.

रेजिना! आपल्या जागी आपण बसलो तरी पप्पांना तीच दिसते? ती ताडकन उठली आणि केळीच्या बागेत पळत सुटली. पाटाच्या कडेला बसून ती मनसोक्त रडली. रडता रडता तिने पाण्यात ढेकळं मारली, आणि एकेका ढेकळाला रेजिनाचं नाव दिलं.

ढेकळं संपली तेव्हा तिचं डोकं जरा चालू लागलं. तिने अंगावरच्या झग्याकडे बघितलं. गर्द लाल. रेजिना आज पांढऱ्या फ्रॉकमध्ये होती. रेजिनाचे केस कानाशी कापलेले, आपल्या दोन वेण्या. मग इतक्या जवळून पप्पांना कळलं कसं नाही?

पप्पांची सुकेळ्यांची ती ओळ. पुस्तकाच्या वरून जाणारी ती नजर. ‘आज ऊन फार आहे.’ आणि ‘मला ठाऊक आहे’! पुस्तकं रेजिनाने घेतली नाहीत हे इतक्या खात्रीने कोणाला ठाऊक असेल?

एमिली उठून घराकडे धावली.

ती घरात गेली तेव्हा रेजिना बॅग भरत होती.

“मजा बघायला आलीस?” रेजिनाने मान वरसुद्धा केली नाही.

“नाही. ते पुस्तक तू वाचलंस?”

“वाचलं. बक्षीस मिळालंय मला, विसरलीस?” रेजिनाने नाक ओढलं. मग तिला राहवेना. “आणि तुला एक सांगू? त्यात मुरंबाच नाही!”

“म्हणजे?”

“म्हाताराच नाही, डॉक्टर नाही, बरणी नाही. त्यात घोड्यांचे तबेले आहेत आणि हिऱ्यांचा हार चोरीला जातो. अंकल भलतंच पुस्तक हातात घेऊन भलतीच गोष्ट सांगत होते!”

सगळ्या पुस्तकांना सारखीच खाकी कव्हरं. नाव वाचल्याशिवाय ओळखणार कसं?

एमिली पलंगावर बसली. तिला जे समजलं होतं ते सांगितलं तर रेजिना सुटणार होती. नाही सांगितलं तर रेजिना जाणार होती. रविवारी. कायमची! त्या क्षणी, खरं सांगायचं तर, दुसरी गोष्ट तिला फार सोपी वाटली. पण मग पप्पांच्या डोळ्यांचं काय?

“रेजिना,” ती शेवटी म्हणाली, “तू मला आवडत नाहीस.”

“माहितेय. तूही मला नाही.”

“पण चोर तू नाहीस. आपण चोर पकडू या. फेबियन आणि सोनूला बोलाव.”

चिकूच्या झाडाखाली चौघांची बैठक भरली.

“पुस्तकं घरातच आहेत,” एमिली म्हणाली. “एवढं ओझं कोणी लांब नेणार नाही. लपवायला जागा दोनच, माळा किंवा मागची पडवी. पण चोर माळ्यावर चढत नाही.”

“तुला कसं माहीत?” फेबियनने विचारलं. “कोण आहे चोर?”

“ते आत्ता सांगणार नाही.”

“मंग चला की! पडवीत घुसू न् उलथंपालथं करू!” सोनू उठलीच.

“पुस्तकं सापडतील, चोर नाही सापडणार. पप्पांच्या गोष्टींमध्ये काय करतात? चोराला स्वतःहून बाहेर यायला लावतात!”

“सापळा!” रेजिनाचे डोळे चमकले. ही कल्पना आपल्याला सुचायला हवी होती, असं तिच्या चेहऱ्यावर स्पष्ट दिसत होतं. एमिलीला ते बघून फार बरं वाटलं.

शनिवारी सगळे जेवायला बसले असताना सोनू धापा टाकत दारात आली. नाटकात काम करण्याची तिला भारी हौस होती.

“ऑगस्टीनकाका! पडवीत साप! ह्येवढा! आत शिरताना मी डोळ्यांनी पायला!”

“काय?” काका घास टाकून उठले. “जेवण झाल्यावर गडी बोलावतो आणि पडवीतलं सगळं बाहेर काढतो! टोपल्या, चटया, कणगी, सगळं!”

“धामण असेल, जेवा आधी,” आत्या म्हणाली. “तासाभरात कुठे पळून जात नाही ती.”

पप्पांचा हात मात्र ताटाशी थांबला होता.

जेवणं झाली, मोठी माणसं आडवी झाली. बाहेर ऊन असं होतं की अंगणाकडे बघवत नव्हतं. चौघं मांडवाखाली पालथी पडली. वरच्या सुकेळ्यांचा गोड वास नाकात आणि मुंग्या कोपरांवर!

“चावली!” फेबियन कुजबुजला.

“चावू दे!”

मागचं दार करकरलं. पप्पा बाहेर आले. भिंतीला एक हात लावून, बोटांनी भिंत चाचपत, ते पडवीकडे निघाले. घरातल्या माणसाने घरातच असं चालावं!

“अंकल?” रेजिना पुटपुटली. फेबियनने बहिणीकडे बघितलं. एमिलीने मान हलवली.

पडवीत एक मोठी कणगी होती. सुकेळ्यांचे पुडे बांधायला लागणारी केळीची वाळलेली पानं आत्या तिच्यात साठवून ठेवायची. पानांचा कुरकुर आवाज आला. थोड्या वेळाने पप्पा बाहेर आले तेव्हा त्यांच्या हातात हनुवटीपर्यंत पोचणारी पुस्तकांची चवड होती. आता भिंतीला लावायला हात मोकळा नव्हता. ते अंगणातून सरळ रहाटाच्या खोलीकडे निघाले. ती वाट त्यांच्या लहानपणापासून पायाखालची होती.

पण आज ती वाट तशी नव्हती! केळी पिकत घालण्यासाठी ऑगस्टीनकाकांनी सकाळीच तिथे नवा खड्डा खणला होता. पुरुषभर खोल. वर फळी टाकायची राहिली होती आणि कोणाला सांगायचंही!

एमिलीला सापळा आठवला नाही, चोर आठवला नाही. मांडवाखालून ती अशी उसळली की वरची चटई कलंडली आणि सुकेळी पावसासारखी खाली पडली.

“पप्पा, थांबा! पुढे खड्डा!”

पप्पांचा एक पाय हवेत होता. तो तसाच थांबला. वरचं पुस्तक निसटलं आणि खाली, खूप खाली, धप्पकन आवाज आला.

एमिलीने पप्पांना दंडाला धरून मागे ओढलं आणि त्यांना घट्ट मिठी मारली. बाकीची पुस्तकं दोघांच्या पायांशी पसरली.

“एमिली?” पप्पांनी विचारलं.

“हो, मीच. या वेळी मीच आहे.”

रहाटाजवळच्या कट्ट्यावर पप्पांनी सगळं सांगितलं. गेल्या पावसाळ्यापासून डोळ्यांपुढे दुधाची साय धरल्यासारखी झाली होती. उन्हात तर माणसांचे नुसते ठिपके दिसायचे. शाळेची पुस्तकं त्यांना पाठ होती, कादंबऱ्याही जवळजवळ पाठ होत्या. जे आठवायचं नाही ते ते स्वतः रचून सांगायचे. पण रेजिनाने पुस्तक मागितलं आणि त्यांनी घाबरून रातोरात सगळी पुस्तकं लपवली.

“पण मास्तर, डॉक्टरकडं का नाही गेलात?” सोनूने विचारलं.

“माझ्या बाबांनी ऑपरेशन केलं होतं. डोळा गेला त्यांचा. आणि डोळ्यांनी अधू मास्तरला शाळेत कोण ठेवील?” पप्पांनी मुलांकडे तोंड वळवलं. “रेजिना, तुझ्यावर आळ येईल हे माझ्या ध्यानातच आलं नाही. मोठी चूक झाली माझी, बाळा.”

“जाऊ दे, अंकल,” रेजिना म्हणाली. “कोणाला सांगू नका. मी चोर तर चोर. नाहीतरी उद्या घरीच जातेय.”

एमिली तिच्याकडे बघतच राहिली. इतकं चांगलं वागायचं? तेही इतक्या सहज? आता चांगुलपणाचं बक्षीसही हीच घेऊन जाणार की काय!

“काही गरज नाही!” ती ओरडली. “मी सांगणार आहे! सगळ्यांना!”

“एमिली, नको,” पप्पा म्हणाले.

“रागवा मला. पुन्हा कधी शेजारी बसवू नका. पण मी सांगणार! तुम्ही आत्ता खड्ड्यात पडला असता!”

हे शेवटचं वाक्य बोलताना तिचा आवाज फुटला. पप्पांनी डोळे मिटले. मग हळूच मान हलवली.

चहाच्या वेळी एमिलीने सगळ्यांना व्हरांड्यात गोळा केलं, अगदी कादंबरीच्या शेवटच्या प्रकरणात करतात तसं. ऑगस्टीनकाका कुरकुरत आले. “साप सापडला का?”

“साप नव्हताच,” सोनूने पायरीवरून सांगितलं. “तो आमचा सापळा होता.”

“काय?”

“काका, बसा,” एमिली म्हणाली. “पुस्तकं कोणी चोरली नाहीत, फक्त हलवली. ती पानांच्या कणगीत होती. आत्या, तुझी ती बिघडलेली ओळ रेजिनाची नव्हती. मला माहीत होतं आणि मी गप्प बसले, कारण मला तिचा राग येत होता.” रेजिनाकडे न बघता ती एका दमात बोलत गेली. “मधाचा रंग आणि फिका रंग ज्याला वेगळा दिसत नाही, त्याची ती ओळ होती. पुस्तकाचं नाव ज्याला वाचता येत नाही, त्यानेच पुस्तकं हलवली. लाल झग्यातली मुलगी आणि पांढऱ्या फ्रॉकमधली मुलगी ज्याला सारखीच दिसते—”

ती थांबली. पुढचं नाव तिच्याने घेववेना.

“मी,” पप्पा म्हणाले. “पुस्तकं मी हलवली. मला दिसत नाही, ऑगस्टीन.”

बर्थाआत्याच्या हातातली किटली कलली आणि चहा बशीतून सांडत राहिला.

“रोज तुझ्यासमोर जेवतो मी, गॅब्रिएल,” ऑगस्टीनकाका म्हणाले. त्यांचा आवाज कधी नव्हे इतका बारीक झाला होता. “रोज!”

“आणि तो खड्डा, काका!” फेबियन म्हणाला. “उघडाच होता! पप्पांचा पाय वरच होता!”

काका उठले. सगळ्यांना वाटलं, आता ओरडणार. ते रेजिनासमोर जाऊन उभे राहिले. “मी चुकलो, पोरी. उद्या कुठेही जायचं नाही. बॅप्टिस्टला मीच सांगेन, तुझा काका काय काय शिकलाय ते.” मग ते खड्ड्यावर फळी टाकायला गेले ते काळोख पडेपर्यंत घरात आलेच नाहीत. फळीला खिळे ठोकल्याचे आवाज मात्र येत होते. खड्ड्यावरच्या फळीला कोणी खिळे मारतं का!

मुंबईच्या डॉक्टरांनी पप्पांचे डोळे तपासले आणि मोतीबिंदू असल्याचं सांगितलं. “पिकलेला आहे. काढला की दिसेल. जाड चष्मा लागेल, पण दिसेल! आणखी उशीर केला असता तर कठीण होतं. कोणाच्या लक्षात आलं हे?”

“माझ्या पुतणीच्या!” ऑगस्टीनकाका इतक्या मोठ्याने म्हणाले की बाहेरच्या रांगेतले पेशंटही वळून बघू लागले. “आमच्या घरात एवढी मोठी माणसं, पण डोळे आहेत ते पोरांनाच!”

ऑपरेशननंतर पप्पा डोळ्यांना पट्टी बांधून घरी आले. हलायचं नाही, वाकायचं नाही, हसायचंसुद्धा जपून. बर्थाआत्याने चारही मुलांना मधाच्या रंगाची निवडक सुकेळी बशी भरून दिली. असा मान एरवी फक्त पाहुण्या फादरना मिळायचा! “या पोरांनी घर राखलं,” येणाऱ्याजाणाऱ्याला ती सांगायची. सोनूची आई ते ऐकून गेली आणि पाड्यावर सोनूचा भाव एकदम वाढला.

मुरंब्याची गोष्ट अर्धीच राहिली होती. पप्पांनी पट्टीआडूनच ती पुरी केली.

“खुनी डॉक्टर,” ते म्हणाले. “कारण म्हाताऱ्याने शेजारच्या खुर्चीवर नवा डॉक्टर आणून बसवला होता ना! ते त्याला सहन झालं नाही.”

फेबियन आणि सोनू हसून हसून लोळले. एमिलीचे कान लाल झाले. पप्पांना पट्टीतून दिसतं की काय!

“आता खरं पुस्तक!” रेजिनाने खाकी कव्हरची बरोबर प्रत शोधून आणली होती. ती पलंगाच्या एका बाजूला बसली, एमिली दुसऱ्या. तिने शेवटचं प्रकरण इंग्रजीत वाचलं, एमिलीने अडखळत ते मराठीत सांगितलं, आणि अडलेला शब्द पप्पांनी पुरवला. रेजिना खरोखरच सुंदर वाचत होती. एमिलीला ते मान्य करावं लागलं आणि मान्य करताना तिला अजिबात आनंद झाला नाही.

पुस्तकातला खुनी पुतण्या निघाला. इस्टेटीसाठी त्याने खून केला होता.

पुस्तक मिटलं. एमिलीला काहीतरी म्हणायचं होतं. ती पप्पांच्या कपाळावरची पट्टी सरळ करत होती, शब्द जुळवत होती, पप्पांना आवडेल असं अगदी नेमकं वाक्य तिला सापडलं होतं. तिने तोंड उघडलं...

“अंकल,” रेजिना म्हणाली, “त्या बाईंपेक्षा तुमचाच शेवट चांगला आहे!”

पप्पा जपून, अगदी जपून हसले.

एमिलीने उघडलेलं तोंड मिटलं. तिचं वाक्य! शब्दन् शब्द तोच! तिने पलंगावरून रेजिनाकडे असं काही रोखून बघितलं की पांढऱ्या फ्रॉकमधली ती मुलगी दचकली, आणि मग दोघींना एकदमच हसू फुटलं.